वकिलाचा पहारा कोणी ठरवायचा?

मारेकरी मागे लागलेला वकील आणि त्याला वाचवायला उभा राहिलेला एकटा पोलीस अधिकारी, या कथेवर दर दोन-चार वर्षांनी एखादा थरारपट येतो आणि त्याच्यामागोमाग ठरलेला वादही येतो. एक बाजू म्हणते, असे चित्रपट वर्दीचे उदात्तीकरण करतात, लोकांना चकमकींची चटक लावतात. दुसरी म्हणते, अडीच तासांच्या करमणुकीला एवढे मनावर घेऊ नका. मला हा वादच भरकटलेला वाटतो, कारण पडद्यावरची सगळ्यात खरी गोष्ट दोन्ही बाजूंच्या नजरेतून सुटते. तो अधिकारी एकटा का असतो? वरिष्ठांनी हात झटकलेले असतात, खात्यातलाच कोणी फितूर असतो, नियंत्रण कक्षाला कळवले तर पत्ता मारेकऱ्यांपर्यंत पोचेल अशी धास्ती असते. म्हणून तो वकिलाला घेऊन स्वतःच्या जबाबदारीवर लपत फिरतो. प्रेक्षकाला यातले काहीही अविश्वसनीय वाटत नाही. यंत्रणा वकिलाला वाचवणार नाही, हे त्याने तिकीट काढण्याआधीच मान्य केलेले असते.

हेच गृहीत पडद्याबाहेरच्या वादातही मुरले आहे. २०२४ च्या जानेवारीत राहुरीच्या एका वकील दाम्पत्याचे अपहरण करून खून झाला. मृतदेह विहिरीत सापडले. वकील कामकाज बंद ठेवून रस्त्यावर उतरले आणि वकील संरक्षण कायद्याची जुनी मागणी पुन्हा जोरात पुढे आली. तेव्हापासून दोन सूर ऐकू येतात. वकील संघटना म्हणतात, हल्लेखोराला कडक शिक्षा हवी, गुन्हा अजामीनपात्र हवा. अनेक नागरिक विचारतात, गुंडांना सोडवणाऱ्यांना पहारा कशाला, आणि तोही आमच्या करातून? माझे म्हणणे असे आहे की वकिलाला संरक्षण हवेच, पण त्याच्या काळ्या कोटाचा मान म्हणून नको. त्याच्या पक्षकाराला न्यायालयात बोलता यावे, यासाठी ते हवे. ते हल्ल्याच्या आधी मिळायला हवे, हक्काने मागता यायला हवे, आणि ते द्यायचे की नाही याचा निर्णय पोलिसांच्या हाती न ठेवता न्यायाधीशाच्या हाती द्यायला हवा.

पडद्यावरची ती जोडी मिलानमध्ये प्रत्यक्षात होऊन गेली आहे. १९७४ च्या सप्टेंबरमध्ये जॉर्जो आम्ब्रोझोली या वकिलांना बान्का प्रिवाता इतालियाना या बुडालेल्या बँकेचे परिसमापक, म्हणजे तिची देणी-घेणी निपटवणारे, नेमण्यात आले. बँक होती मिकेले सिंदोनाची. सिसिलीतून आलेला हा धनाढ्य, व्हॅटिकनपासून माफियापर्यंत सगळीकडे त्याची ऊठबस, आणि अमेरिकेतली फ्रँकलिन नॅशनल बँकही त्याच्याच ताब्यात होती. आम्ब्रोझोली एकेक खाते उलगडत गेले तसा पैसा कुठून कुठे वळवला गेला हे स्पष्ट होत गेले. बँकेचा खड्डा सार्वजनिक पैशाने बुजवून सिंदोनाला मोकळे करण्याच्या योजना राजकीय वजनानिशी पुढे येत होत्या, आणि आम्ब्रोझोली दर वेळी नकार देत होते. नेमणुकीला वर्षही झाले नव्हते तेव्हा, फेब्रुवारी १९७५ मध्ये, त्यांनी पत्नीसाठी पत्र लिहून ठेवले. या कामाची फार मोठी किंमत आपल्याला मोजावी लागणार, हे त्यात स्पष्ट लिहिले होते. पुढे धमक्यांचे फोन सुरू झाले. सरकारने त्यांना पहारा दिला नाही. त्यांच्या सोबतीला राहिले सिल्व्हिओ नोव्हेंब्रे, आर्थिक गुन्ह्यांचा तपास करणाऱ्या ग्वार्दिया दि फिनान्झा या दलातले अधिकारी. ते बँकेच्या कागदपत्रांच्या कामासाठी आले होते. हळूहळू ते आम्ब्रोझोलींचे मित्र झाले आणि मग, कोणी हुकूम दिला नसताना, अंगरक्षकही. ११ जुलै १९७९ च्या रात्री मित्रांना घरी सोडून आम्ब्रोझोली परतले तेव्हा नोव्हेंब्रे सोबत नव्हते. घरासमोर, सिंदोनाने अमेरिकेहून पाठवलेल्या मारेकऱ्याने त्यांना गोळ्या घातल्या. वय अवघे ४५, घरी तीन मुले. अमेरिकी तपासासाठीची त्यांची साक्ष देऊन झाली होती; तिच्यावर सही करायची राहिली होती.

नोव्हेंब्रे यांच्याविषयी मला अपार आदर आहे. पण त्यांच्या निष्ठेकडे बोट दाखवून इटलीच्या सरकारला स्वतःची सुटका करून घेता येईल का? एक माणूस चोवीस तास जागा राहू शकत नाही. त्याला घर असते, झोप असते. मारेकऱ्याला फक्त एक रात्र हवी असते. मैत्रीवर उभ्या असलेल्या पहाऱ्याला बदली माणूस नसतो, वेळापत्रक नसते, आणि तो उठला तर जाब विचारायलाही कोणी नसते. शिवाय त्याच वर्षी मार्चमध्ये काय झाले ते पाहा. बँक ऑफ इटलीचे गव्हर्नर पाओलो बाफी आणि देखरेख विभागाचे प्रमुख मारिओ सार्चिनेल्ली, म्हणजे आम्ब्रोझोलींच्या पाठीशी ठामपणे उभी असलेली माणसे, यांच्यावरच फौजदारी आरोप ठेवले गेले. सार्चिनेल्लींना तर अटक झाली. दोघेही पुढे पूर्ण निर्दोष ठरले, पण तोवर जे व्हायचे ते होऊन गेले होते. आम्ब्रोझोलींना त्या रात्री संपवण्यात आले असले तरी त्यांना एकटे पाडण्याचे काम कितीतरी आधी सुरू झाले होते. सिंदोनाला या खुनाबद्दल १९८६ च्या मार्चमध्ये जन्मठेप झाली आणि काही दिवसांतच तो तुरुंगात सायनाइडने मेला. थरारपटाला हा शेवट पुरला असता. पण २०१० साली जुलिओ आंद्रेओत्ती, म्हणजे अनेकदा पंतप्रधान झालेले आणि एके काळी सिंदोनाला लिराचा, म्हणजे इटलीच्या चलनाचा, तारणहार म्हणणारे गृहस्थ, दूरचित्रवाणीवरच्या मुलाखतीत आम्ब्रोझोलींबद्दल बोलून गेले की त्यांनी ते ओढवूनच घेतले होते. टीका झाल्यावर त्यांनी सारवासारव केली.

हे वाक्य आपल्याला परके वाटण्याचे कारण नाही. असली प्रकरणे घेऊ नयेत, घेतली तर भोगावे लागते, हे आपल्याकडे न्यायालयाच्या आवारात आणि घरच्या ओट्यावरही ऐकू येते. त्यामागची भावना मी सरसकट झटकत नाही. २६ नोव्हेंबर २००८ नंतरची मुंबई आठवा. १६६ माणसे मारली गेली होती, आणि ज्याला सगळ्या जगाने हातात बंदूक घेऊन फिरताना पाहिले त्याच्या बचावासाठी सरकारी खर्चाने वकील द्यायचा होता. लोकांना चीड आली, ती खरी होती. मुंबईतल्या एका वकील संघटनेने त्याचे वकीलपत्र घ्यायचे नाही असा ठराव केला. मार्च २००९ मध्ये न्यायालयाने अंजली वाघमारे यांची कसाबच्या वकील म्हणून नेमणूक केली त्याच रात्री त्यांच्या वरळीच्या घरासमोर जमाव जमला, दगडफेक झाली. त्यांना पोलीस संरक्षण द्यावे लागले. पण त्या रात्री कसाबच्या बाजूने कोणीच उभे राहिले नसते तर काय झाले असते? वकिलाविना चाललेला खटला वरच्या न्यायालयात टिकला नसता, आणि मारल्या गेलेल्यांच्या कुटुंबांना निकालासाठी पुन्हा पहिल्यापासून वाट पाहावी लागली असती. दगड मारणाऱ्यांना जी शिक्षा हवी होती, तिची वाट वाघमारे यांच्यासारख्या वकिलांमधूनच जात होती.

आणि त्याच खटल्यात फहीम अन्सारी होता. हल्ल्याआधी ठिकाणांचे नकाशे पुरवल्याचा त्याच्यावर आरोप होता. त्याचे वकील होते शाहीद आझमी. वयाच्या ३२ व्या वर्षी, ११ फेब्रुवारी २०१० रोजी, कुर्ल्यातल्या त्यांच्या कार्यालयात घुसून त्यांना गोळ्या घालण्यात आल्या. तीन महिन्यांच्या आत, ३ मे रोजी, विशेष न्यायालयाने कसाबला दोषी ठरवले आणि त्याच निकालात अन्सारीची निर्दोष सुटका केली, कारण नकाशाचा पुरावा विश्वासार्ह ठरला नाही. उच्च न्यायालयाने आणि २०१२ साली सर्वोच्च न्यायालयाने ती सुटका कायम ठेवली. म्हणजे ‘दहशतवाद्यांचा वकील’ म्हणून ज्यांची हेटाळणी झाली ते, तीन न्यायालयांच्या मते, निर्दोष माणसाचे वकील होते. २००६ च्या मालेगाव स्फोटात अडकवलेल्या ज्या तरुणांचे वकीलपत्र आझमींनी घेतले होते, त्यांनाही २०१६ मध्ये आरोपमुक्त करण्यात आले. कोण दोषी आणि कोण निर्दोष हे खटल्याआधीच कळत असते, तर वकील लागला नसता आणि न्यायाधीशही लागला नसता. आझमींच्या स्वतःच्या खुनाचा खटला मात्र दशक उलटले तरी निकालापर्यंत पोचला नाही.

वकिलाला त्याच्या पक्षकाराच्या रांगेत बसवण्याची ही खोड जुनी आहे. १७९२ साली लंडनमध्ये राजेशाहीविरुद्ध लिहिणाऱ्या थॉमस पेन यांच्यावर राजद्रोहाचा खटला चालला तेव्हा थॉमस अर्स्किन यांनी वकीलपत्र घेतले आणि युवराजांच्या अ‍ॅटर्नी जनरलचे पद गमावले. फ्रान्समध्ये पदच्युत राजा सोळाव्या लुईचा बचाव करायला म्हातारे मालझेर्ब स्वतःहून पुढे आले. १७९४ मध्ये क्रांतीच्या न्यायाधिकरणाने त्यांनाही गिलोटिनखाली पाठवले. आपल्याकडे २०१० च्या डिसेंबरमध्ये सर्वोच्च न्यायालयाने ए. एस. मोहम्मद रफी प्रकरणात, अमुक आरोपीचे वकीलपत्र घेऊ नये असे वकील संघटनांचे ठराव अवैध आणि घटनेविरुद्ध आहेत असे बजावले, आणि तिथेही पेन-अर्स्किन यांचा दाखला दिला. तरी एखादा भीषण गुन्हा घडला की दुसऱ्याच आठवड्यात कुठल्या तरी तालुक्यातून असा ठराव येतोच. वकील संघटनांनी संरक्षण मागताना याचेही उत्तर द्यायला हवे. आपल्याच सहकाऱ्याने अप्रिय आरोपीची बाजू घेऊ नये असा ठराव करणारी संघटना त्या सहकाऱ्याच्या पाठीवर निशाण काढून ठेवते.

पोलिसांनी निर्णय घेऊ नये असे मी म्हणतो, त्याचे कारण पोलीस वाईट असतात हे नाही. नोव्हेंब्रेही गणवेशातलेच होते. कारण असे, की धोका ज्या दिशेने येतो ती दिशा काही वेळा सरकारचीच असते. १२ फेब्रुवारी १९८९ ला बेलफास्टमध्ये पॅट फिनुकेन हे वकील रविवारी कुटुंबासोबत जेवत असताना बंदूकधारी घरात शिरले आणि चौदा गोळ्या घालून गेले. त्याच्या काही आठवडे आधी ब्रिटिश सरकारमधल्या एका मंत्र्याने संसदेत म्हटले होते की उत्तर आयर्लंडमधले काही वकील आयआरए या ब्रिटनविरोधी सशस्त्र संघटनेला वाजवीपेक्षा जास्त सहानुभूती दाखवतात. २०१२ साली पंतप्रधान कॅमेरॉन यांना या हत्येत सरकारी यंत्रणांच्या धक्कादायक संगनमताची कबुली देऊन माफी मागावी लागली. त्याच भागातल्या रोझमेरी नेल्सन यांनी पोलिसांकडूनच येणाऱ्या धमक्यांबद्दल अमेरिकी काँग्रेसच्या समितीपुढे साक्ष दिली होती. १९९९ च्या मार्चमध्ये गाडीखाली लावलेल्या स्फोटकांनी त्यांचा जीव घेतला. चौकशीचा निष्कर्ष होता की राज्ययंत्रणेच्या चुकांनी त्यांचा धोका वाढवला. आपल्याला इतक्या लांब जायचीही गरज नाही. तेलंगणात फेब्रुवारी २०२१ मध्ये भर रस्त्यात दिवसाढवळ्या मारले गेलेले वकील दाम्पत्य पोलीस कोठडीतल्या एका मृत्यूचे प्रकरण उच्च न्यायालयात लढवत होते. अशा वकिलाने संरक्षणाचा अर्ज कोणत्या ठाण्यात द्यायचा?

आता विरोधातले सगळ्यात भक्कम मुद्दे. पहिला: वकील स्वतः काय कमी दांडगाई करतात? फेब्रुवारी २०१६ मध्ये दिल्लीच्या पतियाळा हाऊस न्यायालयात काळ्या कोटातल्यांनीच एका आरोपी विद्यार्थ्याला आणि पत्रकारांना मारहाण केली. नोव्हेंबर २०१९ मध्ये तीस हजारी न्यायालयात गाडी लावण्यावरून वकील आणि पोलीस भिडले, आणि नंतर पोलिसांनाच मुख्यालयासमोर आंदोलन करावे लागले. हा मुद्दा मला पूर्ण मान्य आहे, आणि म्हणूनच वकिलांविरुद्धच्या फौजदारी तक्रारीत त्यांना वेगळे कवच देणारे कोणतेही कलम मला नको आहे. पण मारामारी करणाऱ्या वकिलाला शिक्षा करणे आणि धमकी आलेल्या वकिलाला वाचवणे या दोन गोष्टी एकमेकींच्या आड येत नाहीत. तीस हजारीत लाठ्या-काठ्या घेऊन धावलेल्याला उद्या खटल्यावरून ठार मारण्याची धमकी आली, तर त्याच्या पक्षकाराचा काय दोष?

दुसरा मुद्दा जास्त अवघड आहे. वकीलच का? तळेगावचे सतीश शेट्टी माहिती अधिकारातून जमिनींचे व्यवहार उघड करत होते, त्यांनी पोलिसांकडे संरक्षण मागितले होते, आणि १३ जानेवारी २०१० च्या सकाळी त्यांची हत्या झाली. आझमींच्या आधी महिनाभर. त्यांच्याकडे सनद नव्हती, म्हणून त्यांचा जीव स्वस्त होता का? नाही, आणि म्हणूनच पेशागणिक कायदे करत जाण्याची आपली रीत मला पटत नाही. महाराष्ट्रात २०१० साली वैद्यकीय सेवेतल्यांसाठी कायदा झाला, २०१७ साली पत्रकारांसाठी झाला, आता वकिलांसाठी हवा आहे. कर्नाटक आणि राजस्थान यांच्या विधिमंडळांनी २०२३ मध्ये तशी विधेयके मंजूरही केली. या सगळ्यांचा भर हल्ला झाल्यानंतरच्या शिक्षेवर आहे. पण खुनाला जन्मठेप किंवा फाशी आपल्या कायद्यात पहिल्यापासून आहे. त्या शिक्षेने न थबकलेला मारेकरी मारहाणीच्या कलमात वाढवलेल्या वर्षा-दोन वर्षांनी थबकेल, असे कोण मानते?

तिसरा मुद्दा मनुष्यबळाचा. ठाण्यात माणसे अपुरी, आणि आहेत त्यातली कितीतरी पुढाऱ्यांच्या मागेपुढे धावण्यात अडकलेली; त्यात वकिलांची भर कशी पेलायची? शिवाय सोबत एक शिपाई दिला म्हणजे माणूस वाचतो असेही नाही. १२ ऑक्टोबर २०२४ ला वांद्र्यात बाबा सिद्दिकींची हत्या झाली तेव्हा त्यांच्यासोबत पोलीस होता. पण या मुद्द्याने माझीच बाजू बळकट होते. बंदूकधारी सोबत देणे हा संरक्षणाचा सगळ्यात महागडा आणि सगळ्यात दिखाऊ प्रकार आहे. घराबाहेर कॅमेरा, गस्तीच्या यादीत पत्ता, बदललेला फोन क्रमांक, न्यायालयात नेण्या-आणण्याची सोय, धोक्याच्या दिवशी दूरदृश्य पद्धतीने सुनावणी: बहुतेक प्रकरणांत एवढ्याने भागते. अंगरक्षक कोणाला द्यायचा हे मंत्रालयातल्या वजनावर न ठरता धोक्याच्या लेखी अहवालावर ठरू लागले, तर मिरवण्यासाठी घेतलेले पहारे परत येतील आणि माणसे मोकळी होतील.

हे सगळे नव्याने उभारायची गरज नाही, यंत्रणेचा सांगाडा तयार आहे. डिसेंबर २०१८ मध्ये महेंदर चावला प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने साक्षीदार संरक्षण योजनेला मान्यता दिली. तिच्यानुसार प्रत्येक जिल्ह्यात जिल्हा न्यायाधीशांच्या अध्यक्षतेखाली समिती असते, पोलीसप्रमुख तिचे सदस्य असतात, पोलिसांनी पाच कामकाजी दिवसांत धोक्याचा अहवाल द्यायचा असतो, आणि तोवर तात्पुरते संरक्षण देण्याचा अधिकार समितीला असतो. नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेतल्या ३९८ व्या कलमाने अशी योजना करणे राज्यांवर बंधनकारक केले आहे. योजनेतला साक्षीदार म्हणजे गुन्ह्याबद्दल माहिती किंवा कागदपत्रे असलेला माणूस. खटला लढवतो म्हणून ज्याच्या जिवावर बेतते तो वकील त्यात येत नाही. त्याला त्या व्याख्येत आणावे, आणि त्याच्यासोबत माहिती अधिकारात अर्ज करणाऱ्यालाही, अर्ज गुन्हा ठरेल अशा गोष्टीचा असो वा नसो. दुसरी दुरुस्ती मला त्याहून महत्त्वाची वाटते. आज धोक्याचा अहवाल त्याच उपविभागाचा पोलीस अधिकारी तयार करतो. तक्रार स्थानिक पोलिसांविरुद्ध असेल तेव्हा तो अहवाल दुसऱ्या जिल्ह्याच्या अधिकाऱ्याकडून किंवा सीआयडीकडून मागवण्याचा आणि अर्जदाराला त्यावर बोलू देण्याचा स्पष्ट अधिकार न्यायाधीशाला हवा. संरक्षण नाकारले किंवा काढून घेतले, तर कारण लेखी द्यायला हवे.

मग यंत्रणा बसवली की सगळे वाचतील का? नाही, आणि तसे वचन देणारा लोकांची फसवणूक करतो. नेदरलँड्ससारख्या सुस्थित देशात, एका मोठ्या टोळीविरुद्धच्या खटल्यात सरकारी साक्षीदाराचे वकील असलेल्या डर्क विअर्सुम यांना सप्टेंबर २०१९ मध्ये ॲमस्टरडॅममध्ये घराजवळ गोळ्या घालण्यात आल्या. पण पुढे काय झाले? तिथल्या स्वतंत्र सुरक्षा मंडळाने चौकशी करून यंत्रणा कुठे चुकली हे २०२३ मध्ये जाहीर अहवालात मांडले. चूक लिहिली गेली आणि ती कोणाची हेही लिहिले गेले. नोव्हेंब्रे त्या रात्री सोबत नव्हते याची चौकशी कोणी कशाच्या आधारे केली असती? ते तिथे असावेत असा हुकूमच कोणी दिला नव्हता. राहुरीच्या बाबतीतही प्रामाणिकपणे बोलले पाहिजे. पोलिसांनी सांगितलेल्या तपासानुसार तिथे हेतू खंडणीचा होता आणि संशयितांत त्या दाम्पत्याचाच पक्षकार होता. कामाच्या निमित्ताने बोलावणारा अशील धोका म्हणून कोणत्याही समितीपुढे आला नसता. तालुक्याच्या वकिलाला परक्या जागी एकटे न जाता भेटीगाठी न्यायालयाच्या आवारात घेता याव्यात, म्हणून तिथे बसायला नीट जागा लागते. अनेक तालुक्यांत वकील आजही झाडाखाली टेबल टाकून बसतात. वकील संघटनांनी पुढच्या मोर्चात शिक्षेच्या कलमांआधी या दोन मागण्या लिहाव्यात: जिल्हा न्यायाधीशांच्या समितीपुढे वकिलाला अर्ज करण्याचा हक्क, आणि प्रत्येक तालुका न्यायालयात पक्षकाराला भेटायची खोली.